काता उरतो, तालीम हरवते

कराटेची एखादी जुनी शैली जतन करायची म्हणजे नेमके काय जतन करायचे, याचे उत्तर ती शिकवणाऱ्यांपैकी बहुतेकांनी गृहीत धरलेले असते. शैलीतले सगळे काता, म्हणजे काल्पनिक प्रतिस्पर्ध्यांविरुद्ध ठरलेल्या क्रमाने करायच्या प्रहार-बचावांच्या आखीव मालिका, विद्यार्थ्यांना पाठ असावेत. आज्ञा जपानीत दिल्या जाव्यात. सरावाच्या जागेत, म्हणजे डोजोत, शिरताना आणि तेथून निघताना वाकून नमस्कार व्हावा. भिंतीवर मूळ गुरूंची छायाचित्रे असावीत. इतके साधले की परंपरा सुखरूप आहे असे मानले जाते. वस्तुतः हे सारे टिकूनही शैली आतून रिकामी होऊ शकते, आणि तशी ती अनेक ठिकाणी होत आहे. शैलीचे सत्त्व तिच्या तालमीत असते. शरीर कोणत्या क्रमाने घडवायचे, कोणता व्यायाम किती काळ करून घ्यायचा, पुढचे केव्हा शिकवायचे आणि केव्हा रोखून धरायचे, जोडीदाराच्या हाताला हात लावून काय ओळखायचे, यासंबंधीचे ज्ञान गुरूच्या नजरेत आणि हातात असते. ते सहसा लिहून ठेवलेले नसते, त्याची परीक्षा होत नाही, आणि म्हणूनच ते सर्वांत आधी नाहीसे होते.

हा प्रश्न मध्य रेल्वेवरील उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या सलग शहरांच्या संदर्भात तपासण्यास सबळ कारण आहे, कारण भारतातले कराटे आज ज्या रूपात जगते ते महानगरातल्या एखाद्या नामांकित अकादमीपेक्षा अशा शहरांतल्या संध्याकाळच्या क्लासांत अधिक स्पष्ट दिसते. शाळेचे पटांगण, एखाद्या मंडळाचे सभागृह, गृहसंकुलाची गच्ची किंवा वाहनतळावरचा मोकळा भाग, अशा जागी आठवड्यातून दोन-तीन दिवस तासा-दीड तासाचा क्लास भरतो. मुले पाच-सहा वर्षांपासून पंधरा-सोळा वर्षांपर्यंतची असतात. दहावीच्या वर्षी बहुतेकांचा सराव थांबतो. पालकांपैकी बरेच जण मुंबई-ठाण्याकडे नोकरीला जातात, आणि बदलापूर मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपासून सुमारे ६८ किलोमीटरवर असल्यामुळे ते घरी परततात तेव्हा क्लास सुटलेला असतो. शिकवणारे सरही पुष्कळदा दिवसा दुसरी नोकरी करून संध्याकाळी पटांगणावर उभे राहतात. कराटे जिथे जन्मले त्या ओकिनावा बेटावरच्या जुन्या गुरूंना ज्या अडचणी ठाऊक नव्हत्या त्या या चित्रात सगळ्या आहेत, आणि तरीही हजारो मुलांच्या अंगात त्या बेटावरच्या हालचाली उतरतात त्या याच मार्गाने.

जे इथवर पोचले ते कोणत्या थरातून आले, हे आधी पाहणे आवश्यक आहे. कराटेचा उगम आजच्या जपानच्या दक्षिण टोकाला असलेल्या, पूर्वी स्वतंत्र राज्य असलेल्या ओकिनावा बेटावर, तिथल्या नाहा, शुरी आणि तोमारी या वस्त्यांत झाला. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत ही विद्या गुरूच्या अंगणात, मूठभर शिष्यांपुरती शिकवली जात असे. शुरीचे गुरू इतोसु आन्को (१८३१–१९१५) यांनी १९०१ च्या सुमारास ती प्राथमिक शाळेत नेली, शाळकरी मुलांसाठी ‘पिनान’ नावाचे पाच सोपे काता प्रचारात आणले आणि १९०८ मध्ये शिक्षणखात्याला दहा कलमांचे पत्र लिहून तिचा शारीरिक शिक्षणात समावेश व्हावा असा आग्रह धरला. एका शिक्षकाने मोठ्या वर्गाला रांगेत उभे करून तोंडी आज्ञेवर एकच हालचाल करून घ्यावी, ही आज प्राचीन वाटणारी पद्धत या शालेय प्रयोगातून आलेली आहे. इतोसुंचे शिष्य फुनाकोशी गिचिन (१८६८–१९५७) यांनी १९२२ मध्ये टोकियोत कराटेचे प्रात्यक्षिक दाखवले, ज्युदोतील पोशाख आणि श्रेणींची पद्धत स्वीकारली आणि १९२४ मध्ये पहिले काळे पट्टे दिले. पुढे विद्यापीठांच्या क्लबांत कवायतीची शिस्त आणि स्पर्धेची चुरस वाढत गेली. १९७३ च्या ‘एंटर द ड्रॅगन’ या चित्रपटानंतर भारतात कराटेची जी लाट आली तिने मुख्यतः हा शालेय आणि महाविद्यालयीन थर इथे आणला. म्हणून एखाद्या क्लासात रांगेत उभे राहून ‘इची, नी, सान’ अशा गणतीवर ठोसे मारले जातात, रंगीत पट्टे बांधले जातात, तेव्हा ते सारे फार तर सव्वाशे वर्षांचे आहे. यात कमीपणा काही नाही, मात्र ते शेकडो वर्षांचे आहे असे विद्यार्थ्यांना सांगणे चूक आहे, कारण त्यामुळे जपण्याजोगे काय आणि सोयीसाठी केलेली मांडणी काय, हा विवेकच सुटतो.

अंगणातली तालीम कशी होती याची कल्पना गोजू-र्यू या शैलीवरून येते. भारतात शोतोकान, शितो-र्यू आणि वादो-र्यू यांच्या बरोबरीने जी शैली ठिकठिकाणी शिकवली जाते ती हीच. हिगाओन्ना कान्र्यो (१८५३–१९१५) यांनी चीनच्या फुजियान प्रांतातील फूचौ येथे राहून मुष्टियुद्ध शिकून घेतले आणि नाहात परतून ते शिकवले. त्यांचे शिष्य मियागी चोजुन (१८८८–१९५३) यांनी त्याला व्यवस्थित रूप दिले आणि १९३० च्या सुमारास ही शैली गोजू-र्यू या नावाने ओळखली जाऊ लागली. मियागींच्या अंगणातल्या सरावाचा क्रम ठरलेला होता. प्रारंभी सांधे आणि स्नायू मोकळे करणारे पूर्वव्यायाम. त्यानंतर ‘होजो उंदो’, म्हणजे अवजारांनी करायचे पूरक व्यायाम. मग सान्चिन हा मूलभूत काता. त्यानंतर ‘काकिए’, म्हणजे दोघांनी मनगटाला मनगट लावून एकमेकांचा जोर अजमावत केलेली ढकल-ओढ. आणि या सगळ्यानंतर इतर काता आणि त्यांतील हालचालींचा प्रत्यक्ष झुंजीतला अर्थ. यांपैकी शेवटचा भाग आज सर्वांना माहीत आहे. त्याच्या आधीचे सारे वगळले जाते, किंवा नावापुरते केले जाते.

पूरक व्यायामांची अवजारे मराठी वाचकाला परकी वाटू नयेत. लाकडी दांड्याच्या एका टोकाला दगड बसवलेले ‘ची-इशी’ मनगट, खांदा आणि कमरेतून फिरवतात तेव्हा आखाड्यातल्या गदेची आणि मुद्गलाची आठवण होणे साहजिक आहे. ‘निगिरी-गामे’ म्हणजे तोंडाच्या काठाला केवळ बोटांनी पकडून उचलायचे, वाळू भरलेले मातीचे रांजण. ते घेऊन सान्चिनच्या अर्धवर्तुळी पावलांनी चालायचे असते. ‘माकिवारा’ हा जमिनीत रोवलेला, वरच्या टोकाशी गवताची दोरी गुंडाळलेला लवचीक खांब असून त्यावर ठोसे मारले असता पायापासून मुठीपर्यंत जोर नीट वाहतो की कोठे अडतो हे त्या खांबाच्या प्रतिसादावरून कळते. ‘कोंगोकेन’ हे लंबवर्तुळाकार जड लोखंडी कडे मियागींनी १९३४ च्या हवाई दौऱ्यात तिथल्या कुस्तिगिरांकडे पाहिले आणि आपल्या सरावात घेतले. सनातनी मानल्या गेलेल्या गुरूने समुद्रापलीकडचे अवजार निःशंकपणे स्वीकारले, कारण त्याच्या नजरेसमोर वस्तूपेक्षा तिचे काम होते. मियागींनी सान्चिनची वळणांशिवायची लहान आवृत्ती तयार केली, श्वासाशी संबंधित ‘तेन्शो’ हा काता रचला, आणि १९४० मध्ये नवशिक्यांसाठी ‘गेकिसाई’ हे दोन सोपे काता तयार केले. परंपरा म्हणजे काहीच न बदलणे, असे मानणाऱ्यांना मियागींचाच आधार मिळत नाही.

सान्चिनचा विचार अधिक सावकाश करावा लागेल, कारण परंपरा कोठे तुटते ते येथे उघड दिसते. पाहणाऱ्याला हा काता अतिशय रूक्ष वाटतो: तीन पावले पुढे, सावकाश ठोसे, दोन हातांची गोल हालचाल, आणि सगळा वेळ ओटीपोटातून घेतलेला, ऐकू येणारा श्वास. उडी नाही, लाथ नाही, वेग नाही. त्यात जे घडते ते बाहेरून दिसत नाही. पायाची बोटे जमीन धरतात, गुडघे किंचित आत वळतात, माकडहाड खाली झुकते, खांदे बगलेकडे दाबले जातात, आणि श्वासाबरोबर स्नायू आवळायचे कुठे व सैल सोडायचे कुठे हे शरीर हळूहळू शिकते. हे बरोबर होते की नाही ते गुरू हाताने तपासतो. खांद्यांवर, बरगड्यांवर, मांड्यांवर तळव्याने दाब देऊन किंवा थाप मारून ताण योग्य ठिकाणी आहे का, तोल ढळतो का, श्वास अडकतो का हे पाहिले जाते. या तपासणीला ‘शिमे’ म्हणतात. गोजू-र्यूच्या परंपरेत सान्चिनला तीन वर्षे द्यावीत असा संकेत सांगितला जातो, आणि मियागी बहुतेक शिष्यांना सान्चिनबरोबर त्यांच्या शरीरप्रकृतीला मानवणारे एक-दोन काताच खोलवर शिकवत, असे त्यांच्या शिष्यपरंपरेत मानले जाते. १९४५ च्या ओकिनावाच्या लढाईत बेटाच्या नागरी लोकसंख्येचा सुमारे चौथा हिस्सा मारला गेला. मियागींचे पट्टशिष्य शिन्झातो जिनआन हेही त्यात गेले. मियागींच्या निधनानंतर मियाझातो एइइची, यागी मेइतोकु, तोगुची सेइकिची आदी शिष्यांनी स्वतंत्र डोजो चालवले आणि त्यांच्या सान्चिनमध्ये, इतर कातांमध्ये फरक दिसू लागले. यांतले अस्सल कोणते, हा वाद आजही चालतो. तो बराचसा निष्फळ आहे, कारण प्रत्येकाला त्याच्या अंगाला साजेल असे शिकवणाऱ्या गुरूच्या शिष्यांत फरक असणे हीच त्या गुरूच्या पद्धतीची खूण मानावी लागेल.

आता हीच तीन वर्षे बदलापूरच्या एखाद्या क्लासाच्या वेळापत्रकात बसवून पाहावीत. क्लासाचा महिन्याचा हिशेब जागेचे भाडे, शुल्क आणि विद्यार्थ्यांची संख्या यांवर चालतो. शुल्क वाढवले तर मुले शेजारच्या नृत्यवर्गाला किंवा क्रिकेट प्रशिक्षणाला जातात. उरते ती पट्ट्यांची परीक्षा, म्हणजे ग्रेडिंग. दर तीन-चार महिन्यांनी होणाऱ्या ग्रेडिंगचे वेगळे शुल्क असते, त्यात राज्य वा राष्ट्रीय संघटनेच्या प्रमाणपत्राचा वाटा असतो, आणि पालकांना मुलाची प्रगती दिसते ती पट्ट्याच्या बदललेल्या रंगात. परीक्षेत जे विचारले जाते तेच शिकवले जाते, हा नियम शाळांइतकाच येथेही लागू होतो. काता विचारता येतो, त्याला गुण देता येतात, त्याचे चित्रीकरण करता येते. तीन वर्षांत खांदा किती खाली बसला याला गुण देता येत नाहीत. परिणामी विद्यार्थी दोन-तीन वर्षांत सात-आठ काता शिकतो आणि त्यांपैकी एकही त्याच्या अंगात मुरलेला नसतो. यात लबाडी फार थोड्यांची असते. बहुसंख्य शिक्षक मनापासून शिकवतात. ज्या रचनेत ते उभे आहेत ती रचना त्यांना हळूहळू तालमीकडून काताकडे आणि काताकडून प्रमाणपत्राकडे ढकलत नेते. म्हणून शिक्षकांच्या निष्ठेला आवाहन करून हा प्रश्न सुटणार नाही. क्लासाचे अर्थकारण आणि शिकवण्याचा क्रम एकमेकांपासून सोडवावे लागतील.

याबाबतीत महाराष्ट्राला स्वतःचा अनुभव आहे आणि कराटेच्या शिक्षकांनी त्याकडे फारसे पाहिलेले नाही, ही खेदाची गोष्ट आहे. मल्लखांब हा मुळात पैलवानांचा पूरक व्यायाम. बाराव्या शतकातील ‘मानसोल्लास’ या ग्रंथात त्याचा उल्लेख येतो, आणि दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभटदादा देवधर यांनी त्याला नवा जीव दिला असे परंपरा सांगते. विसाव्या शतकात तो टिकला तो व्यायामशाळांच्या जोरावर. अमरावतीचे १९१४ मध्ये स्थापन झालेले श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ, मुंबईत दादरच्या शिवाजी उद्यानावरील १९२५ चे श्री समर्थ व्यायाममंदिर, बडोद्याची जुम्मादादा व्यायाममंदिरासारखी संस्था, या ठिकाणी मुले अल्प शुल्कात वर्षानुवर्षे येत राहिली. शिकवणाऱ्याचे पोट पट्ट्यांच्या परीक्षेवर अवलंबून नव्हते. याच काळात दत्तात्रय चिंतामण मुजुमदार यांनी संपादित केलेला दहा खंडांचा मराठी ‘व्यायामज्ञानकोश’ १९३६ ते १९४९ या काळात बडोद्याहून निघाला, आणि जोर, बैठका, मुद्गल, मल्लखांब, कुस्ती, शस्त्रांचे हात यांचे सविस्तर वर्णन मराठी वाचकाच्या हाती आले. या कामाचे मोल कितीही सांगितले तरी अपुरे आहे. तरीही त्या कोशात वर्णिलेल्या कित्येक गोष्टी आज कोणालाही करता येत नाहीत, आणि ज्या करता येतात त्या कोशामुळे येत नसून एखाद्या व्यायामशाळेत त्या रोज होत राहिल्या म्हणून येतात. आज प्रत्येक काताचे असंख्य चित्रण भ्रमणध्वनीवर उपलब्ध असताना आपली शैली आता सुरक्षित झाली असे समजणाऱ्यांनी या कोशाची अवस्था आठवावी.

मल्लखांबाची दुसरी बाजूही लक्षात घ्यायला हवी. स्वातंत्र्यानंतर त्याला स्पर्धेचे नियम मिळाले, गुणांकन ठरले, पुढे राष्ट्रीय महासंघ उभा राहिला, २०१९ मध्ये शिवाजी उद्यानावर पहिली जागतिक स्पर्धा झाली आणि समर्थ व्यायाममंदिराचे उदय देशपांडे यांना २०२४ मध्ये पद्मश्री मिळाली. स्पर्धेने मल्लखांबाला जगवले, मुलींसाठी दोरीच्या मल्लखांबाचे दार मोठे उघडले, परदेशांत नेले. परंतु आजचा मल्लखांबपटू सहसा कुस्ती करत नाही आणि कुस्तीगीर मल्लखांबावर चढत नाही. ज्या कामासाठी तो व्यायाम जन्मला त्या कामापासून तो सुटा झाला. हे नुकसान आहे की नवा जन्म, यावर मतभेद होऊ शकतात. काही मिळवताना काय सोडले याची नोंद ठेवणे मात्र कोणत्याही जाणत्या संस्थेचे कर्तव्य ठरते.

स्पर्धेने परंपरा मोडते, असे सरसकट विधान कराटेच्या बाबतीतही टिकत नाही. ओकिनावातील र्युएइ-र्यू ही नाकाइमा घराण्याची शैली पिढ्यान्‌पिढ्या घराबाहेर शिकवली गेली नव्हती. नाकाइमा केन्को यांनी १९७१ च्या सुमारास ती इतरांना शिकवायला सुरुवात केली. त्यांचे शिष्य साकुमोतो त्सुगुओ यांनी १९८४, १९८६ आणि १९८८ अशा सलग तीन जागतिक स्पर्धांत काताचे विजेतेपद मिळवले, आणि साकुमोतोंचे शिष्य कियुना र्यो यांनी २०२१ मध्ये झालेल्या टोकियो ऑलिम्पिकमध्ये सुवर्णपदक जिंकले. ऑलिम्पिकचे सुवर्ण मिळवणारे ते ओकिनावाचे पहिले खेळाडू. एका घराच्या भिंतीआड संपून गेली असती अशी शैली स्पर्धेमुळे जगाला माहीत झाली. परंतु या उदाहरणाचा अर्थ नीट लावला पाहिजे. कियुना यांच्या मागे एका गुरूजवळची अनेक वर्षांची, रोजची, कठोर तालीम होती. पदक हे त्या तालमीचे फळ होते. क्लासात जेव्हा पदकासाठी काता निवडला जातो आणि त्याला लागणारी तालीम मागे टाकली जाते, तेव्हा कियुना यांचे नाव घेण्याचा अधिकार राहत नाही. शिवाय २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमधून कराटे वगळले गेले आणि भारतातही कोणती राष्ट्रीय संघटना अधिकृत याविषयीचे वाद वर्षानुवर्षे चालत आले आहेत, हे पाहता केवळ स्पर्धेच्या पायावर शैलीची इमारत उभी करणे धोक्याचे आहे.

उल्हासनगरचा इतिहास या चर्चेत आणखी एक बाजू पुढे आणतो. दुसऱ्या महायुद्धातील ‘कल्याण कॅम्प’ या लष्करी छावणीच्या बराकींत फाळणीनंतर सिंधमधून आलेली निर्वासित कुटुंबे उतरली आणि १९४९ मध्ये या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळाले. पाच कॅम्पांची ओळख अजून रोजच्या बोलण्यात आहे. भूमीपासून तुटलेली परंपरा दुसऱ्या भूमीत कशी रुजते याचा हा पाऊण शतकाचा जिवंत पुरावा आहे. झुलेलालचा उत्सव, चाळीस दिवसांचे चालिहो व्रत, दरबार आणि टिकाणे ही धर्मस्थाने, खाद्यसंस्कृती हे सारे नव्या मातीत बहरले. सिंधी भाषेतून शिकणाऱ्या मुलांची संख्या मात्र घटत गेली आणि नव्या पिढीत ती वाचता-लिहिता येणारे विरळ झाले. जे सामूहिक, दृश्य आणि वर्षातून ठरल्या वेळी करायचे होते ते टिकले. जे रोज, एकेकट्याने, कष्टाने आणि दीर्घकाळ शिकावे लागते ते निसटले. डोजोतला नमस्कार आणि पांढरा पोशाख टिकतो, सान्चिन निसटतो, यामागेही हेच कारण आहे. या शहरातल्या शिक्षकांना आणि पालकांना हे वेगळे समजावून सांगण्याची गरज पडू नये.

जुनी तालीम जपताना तिच्यातले काय बदलणे अनिवार्य आहे, हेही स्पष्ट बोलले पाहिजे. बदलापुरात २०२४ च्या ऑगस्टमध्ये लहान मुलींवरील अत्याचाराचे प्रकरण उघड झाले आणि संतप्त नागरिकांनी तासन्‌तास रेल्वे रोखून धरली. अशा घटनांनंतर मुलींना कराटे शिकवा, ही मागणी सर्वत्र जोर धरते. तिच्यामागची काळजी खरी असली तरी तिच्यात एक घातक समज दडलेली आहे. चार-पाच वर्षांच्या बालकाचे रक्षण हे त्या बालकाच्या मुठीचे काम नव्हे. ते शाळेचे, पालकांचे, पोलिसांचे आणि कायद्याचे काम आहे, आणि कराटेच्या जाहिरातीत निर्भयतेचे आश्वासन विकणारा शिक्षक मोठ्यांच्या जबाबदारीचे ओझे लहानांवर टाकतो. दुसरी बाब अधिक नाजूक आहे. जुन्या तालमीचा गाभाच स्पर्शावर उभा आहे: शिमेची थाप, काकिएतले मनगट, पवित्र्यात उभ्या विद्यार्थ्याचे कंबर-गुडघे हाताने सरळ करणे. ओकिनावाच्या अंगणात प्रौढ पुरुषांमध्ये जे निर्धोक होते ते लहान मुलामुलींच्या क्लासात जसेच्या तसे चालवता येणार नाही. हात लावण्यापूर्वी विचारणे, तपासणी सर्वांसमक्ष आणि पालकांना केव्हाही पाहता येईल अशा उघड्या जागी करणे, मुलींची तपासणी शिक्षिकेने किंवा ज्येष्ठ विद्यार्थिनीने करणे, लहानांसाठी थापेऐवजी तळव्याने तळवा ढकलून तोल तपासणे, हे नियम लिहून भिंतीवर लावले पाहिजेत. गुरूच्या अधिकाराला यामुळे बाधा येते असे वाटणाऱ्यांनी मियागींनी नवशिक्यांसाठी वेगळे काता का रचले याचा विचार करावा. पूर्ण ताणातला, श्वास आवळलेला सान्चिन वाढत्या वयाच्या मुलांना किंवा रक्तदाब असलेल्या प्रौढांना तसाही देऊ नये. त्यांना नैसर्गिक श्वासाचा, मऊ सान्चिन पुरेसा आहे.

मग या तीन शहरांत प्रत्यक्ष काय करता येईल? सगळा क्लास बदलण्याची अपेक्षा अवाजवी आहे आणि त्याची गरजही नाही. लहान मुलांचा क्लास, पट्टे, ग्रेडिंग, स्पर्धा हे सारे चालू द्यावे. त्यातून जागेचे भाडे निघते आणि काही मुलांना गोडी लागते. त्याच्या जोडीला आठवड्यातून एक सत्र असे ठेवावे ज्याला परीक्षा नाही, पट्टा नाही, आणि शक्य तर शुल्कही नाही. रविवारी सकाळी, जेव्हा लोकलची धावपळ नसते, तेव्हा पंधरा वर्षांवरील विद्यार्थी, क्लास सोडून गेलेले जुने विद्यार्थी आणि इच्छुक पालक यांना घेऊन फक्त पूर्वव्यायाम, अवजारे, सान्चिन आणि काकिए करावे. दहावीनंतर गळणारे विद्यार्थी हा आजच्या क्लासांचा सर्वांत मोठा तोटा आहे. ज्या वयात शरीर खऱ्या अर्थाने तालमीला तयार होते नेमक्या त्याच वयात त्यांच्यासाठी काही ठेवलेले नसते. नोकरीला लागलेला पंचविशीतला माणूस ठाण्याहून परतताना रोज क्लासाला येऊ शकणार नाही, पण रविवारचे दोन तास तो देऊ शकेल, आणि शैलीचा पुढचा शिक्षक या वयोगटातूनच निघेल.

अवजारांचा खर्च ही सबब टिकत नाही. अंबरनाथच्या औद्योगिक वसाहतीतल्या कोणत्याही लेथ आणि वेल्डिंगच्या कारखान्यात कोंगोकेनचे कडे वाकवून मिळेल. जुन्या डब्यात सिमेंट ओतून त्यात दांडा रोवला की ची-इशी तयार होते, आणि खुद्द ओकिनावातही आज ती अशीच केलेली आढळते. रांजण आपल्या कुंभारवाड्यात मिळतात. माकिवाऱ्यासाठी लागणारी लवचीक फळी उल्हासनगरच्या फर्निचर बाजारात तासून मिळेल. ज्यांना दगडी ची-इशी मिळत नाही त्यांनी मुद्गल आणि गदा वापरली तरी मियागींच्या विचाराला ते धरूनच होईल. कोणते काम साधायचे आहे ते कळले की अवजार कोणत्या देशाचे हा मुद्दा गौण ठरतो, आणि महाराष्ट्राच्या आखाड्यातली अवजारे कराटेच्या डोजोत आली तर दोन्ही परंपरांना एकमेकींचा आधारच होईल. अशा सत्रासाठी जागा मिळवणे तुलनेने अवघड आहे. नगरपालिकांची उद्याने, शाळांची पटांगणे, अंबरनाथच्या आयुध निर्माणीच्या वसाहतीसारख्या जुन्या वसाहतींतली मैदाने यांचा वापर व्यायामशाळेच्या धर्तीवर नाममात्र भाड्यात व्हावा, अशी मागणी वेगवेगळ्या शैलींच्या शिक्षकांनी एकत्र येऊन केली पाहिजे. एकमेकांच्या प्रमाणपत्रांवर शंका घेण्यात जी शक्ती जाते तिचा हा अधिक चांगला उपयोग आहे.

या साऱ्याला घाई आहे. १९७० आणि १९८० च्या दशकांत कराटे शिकलेली पहिली पिढी आज साठी-सत्तरीत आहे. त्यांच्यापैकी काहींनी त्या काळी आलेल्या जपानी वा ओकिनावी शिक्षकांच्या हाताखाली सराव केला, काहींनी स्वतः तिकडे जाऊन शिकून घेतले, आणि ग्रेडिंगचे व्यवहार वाढण्यापूर्वीची, एकच पवित्रा महिनाभर करून घेणारी पद्धत त्यांच्या अंगात आहे. त्यांना सत्कार-समारंभांत शाल-श्रीफळ देऊन व्यासपीठावर बसवले जाते. पटांगणावर उतरवून एखाद्या ज्येष्ठ विद्यार्थ्याचा सान्चिन तपासायला फारसे कोणी सांगत नाही. त्यांच्याकडून काताच्या आवृत्त्या गोळा करण्यापेक्षा त्यांनी कोणत्या वर्षी काय, किती वेळा, कोणत्या क्रमाने केले, केव्हा त्यांना थांबवले गेले, दुखापत झाली तेव्हा काय बदलले, हात कोठे ठेवून चूक दाखवली गेली, हे विचारून त्यांच्या हयातीतच, त्यांच्याच देखरेखीखाली, पाच-सहा प्रौढ शिष्यांच्या अंगावर ते पुन्हा करून पाहायला हवे. वही आणि चित्रीकरण त्या कामाला मदत म्हणून असावे. तपासणारा हात मात्र त्या पिढीचाच लागेल, आणि तो घ्यायला तिशीतले जे शिष्य आज उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापुरात आहेत त्यांच्यापैकी किती जण रविवारच्या सकाळी पटांगणावर येतात, यावर बरेच काही अवलंबून आहे.